तुम्ही विचारलंत म्हणून: आपली फाईल खासदारांच्या कमिटीकडं पाठवता येते का?

मागच्या आठवड्यात बार रूममध्ये चहा घेत होते, तेवढ्यात आमचे एक जुने पक्षकार आत आले. वाटपाचा दावा, चौदावं वर्ष. खिशातून वर्तमानपत्राचं घडी घातलेलं पान काढलं आणि माझ्यापुढं उलगडलं. "मॅडम, हे बघा. खासदारांची समिती कोर्टाच्या कामावर बोलतीय म्हणे. मग आपली फाईल त्यांच्याकडं धाडली तर?"

हा प्रश्न मला वर्षातून पाच-सहा वेळा येतो. कधी 'जजसाहेबांची तक्रार खासदारांकडं चालते का' असा, कधी 'कोर्टावर कुणाचं लक्षच नाही का' असा, आणि परवा तर आमच्या भाच्याने रात्री साडेअकराला व्हॉट्सअ‍ॅपवर टाकला. व्हरांड्यात उभ्या उभ्या अर्धंमुर्धं उत्तर देऊन मी कंटाळले आहे. म्हणून एकदा बसून लिहिते.

फाईल पाठवता येत नाही. पण समिती आहे, खरी आहे, आणि तिचं नाव असं आहे की गैरसमज व्हावाच: 'कार्मिक, लोक तक्रारी, विधी आणि न्याय' यांविषयीची संसदीय स्थायी समिती. त्यातला 'लोक तक्रारी' हा शब्द वाचून माणसाला वाटतं, इथं तक्रार घेतात. तो शब्द आलाय एका मंत्रालयाच्या नावातून. सरकारी खात्यांबद्दलच्या तक्रारींचा विषय ज्या मंत्रालयाकडं आहे, ते या समितीच्या कक्षेत येतं, एवढंच. नाव ठेवणाऱ्याने तालुक्याच्या माणसाचा विचार केला नव्हता.

समितीत ३१ जण: लोकसभेचे २१, राज्यसभेचे १०. पक्षांच्या संख्याबळाप्रमाणे जागा वाटल्या जातात. मंत्री सदस्य होऊ शकत नाही, आणि मध्येच मंत्री झाला तर त्याला समिती सोडावी लागते. मुदत एक वर्ष. अशा खातेनिहाय समित्या १९९३ साली सुरू झाल्या तेव्हा १७ होत्या, २००४ पासून २४ आहेत. त्यातल्या ८ राज्यसभेच्या अखत्यारीत चालतात, आपली ही त्यांपैकी एक. म्हणून तिचा अध्यक्ष राज्यसभेचा असतो. गोव्याचे शांताराम नाईक मध्यंतरी अध्यक्ष होते, पुढं बिहारचे सुशीलकुमार मोदी आले, आणि २०२४ मध्ये बृजलाल, जे मुळात उत्तर प्रदेशचे पोलीस महासंचालक. कोर्टाच्या विषयावरच्या समितीचं अध्यक्षपद पोलिसातून आलेल्या माणसाकडं, यावर आमच्या बार रूममध्ये दोन दिवस चर्चा झाली होती. मला त्यात वावगं वाटत नाही. कोर्टाची बाजू सांगायला वकील मंडळी समितीत कायमच भरपूर असतात, आणि खरं सांगायचं तर मला चिंता त्यांचीच जास्त वाटते. सकाळी ज्या न्यायमूर्तींपुढं 'माय लॉर्ड' म्हणून उभं राहायचं, त्यांच्या सुट्ट्या किती असाव्यात यावर दुपारी मत द्यायचं. मी स्वतः वकील आहे, म्हणून सांगते, हे अवघड आहे.

आता फाईल का जात नाही ते.

घटनेचं कलम १२१ म्हणतं, सर्वोच्च किंवा उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाच्या कामातल्या वर्तनाची चर्चा संसदेत करायची नाही. अपवाद एकच: त्याला पदावरून दूर करण्याचा प्रस्ताव असेल तेव्हा. विधानसभेला तर कलम २११ ने तेवढाही अपवाद ठेवलेला नाही. तुमच्या आमदाराने सभागृहात उठून उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींचं वागणं काढलं, तर अध्यक्ष त्याला खाली बसवतील. उलट बाजूनं कोर्टही सभागृहाच्या कामकाजात शिरत नाही. ते कलम १२२ आणि २१२. शिवाय या समित्यांच्या नियमातच आहे की खात्याच्या रोजच्या कारभारात त्यांनी लक्ष घालायचं नाही. संसदेत विनंती अर्ज करण्याचीही सोय आहे, पण कोर्टात चालू असलेला विषय तिथंही घेत नाहीत. आणि तुमच्या तालुक्यातले जजसाहेब? कनिष्ठ न्यायालयांवर नियंत्रण उच्च न्यायालयाचं, कलम २३५ प्रमाणे. तक्रार करायचीच असेल तर ती मुंबईला उच्च न्यायालयाकडं जाते, दिल्लीला नाही.

लोक आणखी एक घोटाळा करतात. न्यायाधीशाची चौकशी करणारी 'कमिटी' असं टीव्हीवर ऐकलं की ती हीच, असं समजतात. ती वेगळी. १९६८ च्या न्यायाधीश चौकशी कायद्याप्रमाणे लोकसभेच्या १०० किंवा राज्यसभेच्या ५० सदस्यांनी सह्या केल्या आणि पीठासीन अधिकाऱ्यांनी, म्हणजे लोकसभेच्या अध्यक्षांनी किंवा राज्यसभेच्या सभापतींनी, प्रस्ताव दाखल करून घेतला, की तिघांची समिती नेमतात: सर्वोच्च न्यायालयाचे एक न्यायाधीश, एका उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश आणि एक कायदेपंडित. त्यात खासदार एकही नसतो.

आमच्या पिढीला त्यातलं सर्वोच्च न्यायालयाचे न्या. व्ही. रामस्वामींचं प्रकरण आठवतं. तेव्हा मी लॉ कॉलेजला होते. चौकशी समितीत आपले पी. बी. सावंत होते, मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश पी. डी. देसाई होते आणि ओ. चिन्नप्पा रेड्डी. समितीनं १४ पैकी ११ आरोप सिद्ध धरले. मग प्रस्ताव लोकसभेत आला, कपिल सिब्बल सदस्य नसताना बचावाचे वकील म्हणून सभागृहात तासन्‌तास बोलले, आणि ११ मे १९९३ ला मतदान झालं. बाजूनं १९६, विरोधात एकही नाही, आणि काँग्रेस व तिच्या मित्रपक्षांचे २०५ तटस्थ. लागणारं बहुमत झालं नाही, प्रस्ताव पडला. तीन जाणत्या न्यायाधीशांचा निष्कर्ष एका बाजूला आणि हात न उचलणारे २०५ दुसऱ्या बाजूला. आमचे एक सर दुसऱ्या दिवशी वर्गात आले, पुस्तक उघडलं आणि काहीच न शिकवता मिटून निघून गेले. ज्या स्थायी समित्यांबद्दल तुम्ही विचारता, त्या सुरू होऊन तेव्हा जेमतेम महिना झाला होता.

मग ही समिती करते काय? मुख्यतः पैशाचा हिशेब विचारते, विधेयकं वाचते आणि धोरणावर अहवाल लिहिते. अर्थसंकल्प मांडून झाला की संसद काही आठवडे थांबते, त्या काळात प्रत्येक समिती आपापल्या मंत्रालयाच्या मागण्या तपासते. समोर बसतात न्याय विभागाचे सचिव. बैठक बंद दाराआड. टीव्ही नाही, म्हणून भाषणं कमी. गेल्या वर्षी इतके कोटी दिले, खर्च का झाले नाहीत? कुठल्या राज्यानं आपला वाटा घातला नाही? उच्च न्यायालयातल्या रिकाम्या जागांसाठी किती नावं आली, किती अडकली, कुणाकडं? तुमच्या तालुक्यात कोर्टाची नवी इमारत किंवा न्यायाधीशांची निवासस्थानं दिसत असतील, तर त्यात बहुधा केंद्राचा ६० आणि राज्याचा ४० टक्के वाटा असलेल्या योजनेचा पैसा असतो. मोबाईलवर पुढची तारीख दिसते ती ई-कोर्ट प्रकल्पामुळं. त्याच्या तिसऱ्या टप्प्याला २०२३ मध्ये ७,२१० कोटी मंजूर झाले. या पैशाचे प्रश्न तिथं विचारले जातात. न्यायमूर्तींच्या पगाराला मात्र मतदानाची कात्री लागत नाही. तो 'भारित' खर्च. चर्चा करा, कपात नाही. सरकारवर रुसलेल्या सभागृहानं न्यायाधीशांचा पगार अडवू नये म्हणून घटनाकारांनी केलेली सोय.

विधेयकांचं म्हणाल तर २०११ आठवा. रामलीला मैदानावर अण्णा हजारे उपोषणाला बसले होते ते लोकपाल विधेयक याच समितीकडं होतं, आणि उपोषणाआधी अण्णा व त्यांचे सहकारी तिच्यासमोर म्हणणं मांडून आले होते. राळेगणच्या माणसाला सगळ्या देशानं मैदानावर पाहिलं, समितीच्या खोलीत कुणी पाहिलं नाही. त्याच वर्षी न्यायाधीशांच्या उत्तरदायित्वाच्या विधेयकावरही समितीनं अहवाल दिला. २०१२ मध्ये ते लोकसभेत मंजूर झालं, आणि २०१४ ला लोकसभा संपली तेव्हा विरून गेलं. म्हणजे तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर होऊ शकला असता असा कायदा एकदा दारापर्यंत आला होता.

विधेयक समितीकडं गेलंच पाहिजे असं बंधन नाही, आणि इथंच माझा राग आहे. न्यायाधीश नेमणूक आयोगाचं २०१३ चं विधेयक समितीनं तपासलं. २०१४ ला नव्या सरकारनं नवं विधेयक आणलं, ते समितीकडं न जाता काही दिवसांत दोन्ही सभागृहांत मंजूर झालं, आणि ऑक्टोबर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं चार विरुद्ध एक मतानं रद्द केलं. समितीकडं गेलं असतं तर वाचलं असतं, असा दावा मी करणार नाही. पण न्यायाधीश कुणी नेमायचे याच्याइतका कोर्टाच्या मुळाशी जाणारा विषय, आणि त्यावरच घाई.

आता तुमच्या वर्तमानपत्रातलं पान. ऑगस्ट २०२३ च्या ज्या अहवालाचा हवाला अजून दिला जातो, तो सुशीलकुमार मोदींच्या समितीचा, न्यायप्रक्रियेतल्या सुधारणांवरचा. निवृत्तीचं वय वाढवा (उच्च न्यायालयात आज ६२, सर्वोच्चमध्ये ६५), न्यायाधीशांनी मालमत्ता जाहीर करावी, नेमणुकांत समाजातले सगळे थर दिसावेत, सगळ्यांनी एकदम सुट्टीवर जाण्यापेक्षा पाळीपाळीनं जावं, उच्च न्यायालयांनी वार्षिक अहवाल काढावेत, आणि सर्वोच्च न्यायालयाची दिल्लीबाहेर प्रादेशिक खंडपीठं असावीत. शेवटच्या शिफारशीला नवा कायदाही लागत नाही. कलम १३० प्रमाणे सरन्यायाधीशांनी राष्ट्रपतींच्या संमतीनं ठरवलं की झालं. ही मागणी समित्यांनी याआधीही केली होती. सर्वोच्च न्यायालयानं ती मानलेली नाही.

खंडपीठाचं दुखणं आम्हा कोल्हापूर-सांगलीच्या माणसांना वेगळं सांगायला नको. चाळीस वर्षं आम्ही तेच मागत होतो. पक्षकाराला घेऊन रात्री महालक्ष्मी एक्स्प्रेस पकडायची, सकाळी सीएसएमटीला तोंड धुवायचं, दिवसभर बोर्डाकडं बघत बसायचं आणि 'नॉट रीच्ड', म्हणजे आज पाळी आली नाही, ऐकून परतीच्या गाडीत बसायचं. त्यासाठी मोर्चे झाले, कामकाजापासून अलिप्त राहणं झालं, त्यातही नुकसान पक्षकाराचंच झालं. शेवटी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयात सर्किट बेंच सुरू झालं, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी. ते कोणत्या समितीच्या शिफारशीनं नाही, तर १९५६ च्या राज्य पुनर्रचना कायद्याखाली मुख्य न्यायाधीशांनी राज्यपालांच्या मान्यतेनं काढलेल्या एका अधिसूचनेनं.

समितीची शिफारस बंधनकारक नसते. सरकार लेखी उत्तर देतं: मान्य, अमान्य, विचाराधीन. 'विचाराधीन' म्हणजे काय, हे कोर्टात चौदा वर्षं काढलेल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. पण ते उत्तर लेखी असतं आणि छापलं जातं. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं असंही सांगितलं की संसदीय समितीचे अहवाल कोर्टात आधाराला घेता येतात. फक्त ते चूक-बरोबर ठरवायला कोर्ट बसणार नाही.

माझ्या ज्युनिअर मुली विचारतात, मुंबईला विधानभवनात काय? तिथं लोकलेखा, अंदाज, आश्वासन, विनंती अर्ज अशा समित्या आहेत, आणि एखादं विधेयक वादाचं ठरलं तर संयुक्त समिती बसते. महिलांवरच्या अत्याचारांबाबतच्या शक्ती विधेयकावर बसली, तशी. तिचे अध्यक्ष खुद्द गृहमंत्री होते, आधी अनिल देशमुख, नंतर दिलीप वळसे पाटील. ज्या खात्याचं विधेयक, त्याचाच मंत्री ते तपासायला. दिल्लीत या स्थायी समित्यांचा सदस्य मंत्र्याला होता येत नाही, आणि या एका बाबतीत मला दिल्लीची रीत बरी वाटते.

आणि तुम्हाला काहीच करता येत नाही असंही नाही. एखादा विषय हाती घेतला की समिती वर्तमानपत्रांत जाहिरात देऊन लोकांची मतं मागवते. मुदत बहुधा पंधरा दिवसांची, आणि मजकूर हिंदीत किंवा इंग्रजीत. मराठीत चालत नाही, हे मला एकदा जाहिरात वाचतानाच कळलं. तालुक्याच्या कोर्टात स्टेनोची जागा रिकामी राहिली की निकालपत्रं कशी अडकतात, यावर मी चार पानं लिहून ठेवली होती. ती हिंदीत करायला मुलीला बसवलं, तिची परीक्षा निघाली, पंधरा दिवस उलटून गेले. ती पानं अजून माझ्या टेबलाच्या खणात आहेत.

एवढं सगळं मी त्या पक्षकारांना सांगितलं नाही. त्यांनी पान घडी करून परत खिशात ठेवलं. त्यांचं वय ऐंशीच्या पुढं आहे, म्हणून आम्ही त्याच दुपारी दावा लवकर चालवण्यासाठी अर्ज दिला. कोर्टानं त्यावर समोरच्या वकिलांचं म्हणणं मागवलं. म्हणणं द्यायला त्यांनी मुदत मागितली आहे.