नव्वद टाक्यांची टोपी

फेब्रुवारीत गाडी घसरली आणि उजव्या घोट्याला सहा आठवड्यांचं प्लास्टर बसलं. पहिल्या आठवड्यात मोबाईल बघून डोळे दुखले, दुसऱ्यात घरातल्या सगळ्यांशी एकेकदा भांडून झालं. तिसऱ्यात आईने तिची क्रोशाची पिशवी माझ्या मांडीवर आणून टाकली. "रिकामा बसून माझ्या चुका काढू नकोस. हे कर."

टोपीच का, तर प्लास्टर निघाल्यावर रोज चालायचं असं डॉक्टरांनी सांगून ठेवलं होतं. तोवर एप्रिल येणार, आणि नाशकातही आता एप्रिलचं ऊन सकाळी नवालाच टाळूत घुसतं. माझ्या टाळूवर त्याला अडवायला फारसं काही उरलेलं नाही. विकतच्या टोप्या घातल्या की डोकं आत उकडतं. पुतणीच्या डोक्यावर ती बादली उपडी घातल्यासारखी बकेट हॅट पाहिली होती. काठ सगळीकडून उतरता, त्यामुळे कान आणि मानही सावलीत. तीच सुती दोऱ्याची करायची ठरवली.

आईने आयुष्यभर क्रोशे केलंय. दाराची तोरणं, ताटावरचे रुमाल, टीव्हीवर घालायचं कव्हर. टीव्ही भिंतीला टांगला गेल्यावर ते कव्हर मिक्सरवर आलं, अजून आहे. पण टोपी तिने कधी केली नव्हती, बाळांची टोपडी सोडली तर. "त्यात काय, रुमालच तो, पुढे वळवायचा," असं म्हणाली. मलाही पटलं. आमची पहिली चूक हीच. रुमाल कुणाच्या मापाचा नसतो. बोटभर मोठा झाला तर मोठं ताट काढायचं. टोपी कानापाशी येऊन थांबावी लागते.

मेन रोडवरून ५० ग्रॅमचे तीन सुती गुंडे मागवले, राखाडी रंगाचे. आईच्या पिशवीतल्या स्टीलच्या सुया बारीक दोऱ्याच्या, या जाड दोऱ्याला त्या पुरेनात. म्हणून ४ मिलिमीटरची एक ॲल्युमिनियमची सुई घेतली. साखळी आणि खांब हे टाके आईने एका दुपारी शिकवले. मुका खांब सगळ्यात बुटका: सुई खालच्या टाक्यात घालायची, दोरा ओढून घ्यायचा, सुईवर दोन फासे होतात, दोन्हींतून दोरा एकदम काढायचा. पूर्ण खांबाला आधी सुईवर एक वेढा घ्यावा लागतो, म्हणून तो उंच होतो.

मग मी इंटरनेटवरून एक नमुना उतरवून घेतला. मधोमध कडं, त्यात ६ टाके, दुसऱ्या फेरीत १२, तिसरीत १८, असं दर फेरीला ६ वाढवत जायचं. टाका कुठला, तर 'डबल क्रोशे'. आई म्हणाली, डबल म्हणजे आपला खांब. घातले खांब. चौथ्या फेरीलाच कडा वर उचलल्या गेल्या आणि हातात छान खोल वाटी आली. आईने ती दोन बोटांवर फिरवून बघितली. "बाळकृष्णाला होईल."

बाळकृष्णाला झालीही. देवघरात आहे.

घोळ नावाचा होता. ज्याला अमेरिकेत डबल म्हणतात तो आपला पूर्ण खांब. ब्रिटिश पद्धतीत मात्र डबल म्हणजे मुका खांब, आणि आमचा नमुना ब्रिटिश निघाला. पण मला चैन पडेना. टाका बदलला तर वाटी का व्हावी? प्लास्टरमध्ये वेळच वेळ होता, तेव्हा वहीच्या मागच्या पानावर हिशोब मांडला. वर्तुळ सपाट राहायचं तर त्रिज्या जेवढी वाढते त्याच्या सव्वासहा पट परीघ वाढला पाहिजे. शाळेतलं बावीस सप्तमांश, दुप्पट करून. मुका खांब जेवढा उंच, जवळजवळ तेवढाच रुंद असतो, म्हणून त्याला दर फेरीला ६ टाके वाढवले की भागतं. पूर्ण खांब रुंदीच्या सुमारे दुप्पट उंच, त्याला १२ लागतात. मी उंची दिली होती आणि परीघ दिला नव्हता. आईला हे मोठ्या उत्साहाने समजावलं. ती म्हणाली, रुमालाला खांब बाराच घालतात, त्यात एवढं काय. तिला आकडा माहीत होता. मला कारण सापडलं होतं. टोपी दोघांचीही झाली नव्हती.

पुन्हा सुरुवात, मुक्या खांबांनी. या खेपेला सपाट पडलं, पण गोल पडेना. सहा फेऱ्या झाल्या तर स्पष्ट षटकोन दिसायला लागला. दर फेरीत वाढवायचे टाके मी बरोब्बर एकाखाली एक घालत होतो, त्यामुळे सहा ठिकाणी कोपरे धरले गेले. यावर उपाय सोपा आहे, एक फेरी सोडून पुढच्या फेरीत वाढीची जागा मधे सरकवायची. षटकोन उसवला. उसवताना जो मऊ सर्रकन आवाज येतो तो पहिल्यांदा जिवावर येतो, पाचव्यांदा बरा वाटायला लागतो.

डोक्याचं माप ५८ सेंटिमीटर. माझ्या हाताने १० सेंटिमीटरमध्ये १६ टाके बसत होते, म्हणजे ९० टाक्यांना ५६ सेंटिमीटरच्या वर थोडं. सुती दोरा ताणतो, तेव्हा दोनेक सेंटिमीटर कमी असलेलं बरं. ९० म्हणजे सहाच्या पंधरा फेऱ्या. हे गणित इतकं नीट जमल्यावर मी शेफारलो आणि रात्री क्रिकेट बघत बघत फेऱ्या घातल्या. सकाळी मोजले तर ८७. फेऱ्या जोडत नसल्यामुळे, म्हणजे गोगलगायीच्या शंखासारखं एकसलग फिरत असल्यामुळे, फेरी कुठे संपली हेच कळत नाही. तेव्हापासून फेरीच्या पहिल्या टाक्याला निळ्या टोकाची सेफ्टी पिन लावायला लागलो. ती दर फेरीला वर सरकवायची. मोजताना कुणी हाक मारली तर ओ द्यायची नाही.

टाळू झाली की भिंत. यात वाढ नाही, नुसते ९० वर ९०, साधारण चौदा फेऱ्या. इथे हात आपोआप चालतो आणि याबद्दल सांगण्यासारखं एकच. एका दुपारी मी झोपलो असताना आईने मायेने चार फेऱ्या घालून ठेवल्या. टाके नव्वदच, एकही कमी नाही. पण तिचा हात बारीक दोऱ्याला सरावलेला, घट्ट. माझ्या फेऱ्यांच्या वर तिच्या चार फेऱ्या करदोट्यासारख्या आवळून बसल्या. टोपी घातली, काढली, कपाळावर लाल वळ.

"आई, तुझ्या फेऱ्या घट्ट झाल्यात."

"तुझ्या सैल आहेत."

दोन्ही खरं होतं. पण टोपीच्या खालच्या पंधरा फेऱ्या माझ्या होत्या, त्यामुळे बहुमताने तिच्या उसवायच्या ठरल्या. तिने स्वतःच दोरा ओढला, गुंड्यावर गुंडाळला आणि संध्याकाळच्या चहाला साखर विसरली. विसरली असं मी म्हणतो.

काठ सुरू करताना एक फेरी टाक्याच्या दोन दोऱ्यांपैकी फक्त पुढच्या दोऱ्यात घालायची. त्याने तिथे घडी पडते आणि काठ बाहेर वळतो. त्याच फेरीत मी दर तिसऱ्या टाक्याला एक वाढवला, ९० चे एकदम १२०. फ्रॉकची झालर झाली. लेक कॉलेजमधून आली, बघितलं, काही न बोलता फोटो काढला. तो तिने कुणाकुणाला पाठवला मला माहीत नाही, पण दोन दिवसांनी धाकट्या भावाचा फोन आला.

मग पुन्हा वही. काठ दहा फेऱ्यांचा. तो ताटासारखा सपाट हवा असता तर सहाच्या हिशोबाने ६० टाके वाढवावे लागले असते. आपल्याला उतार हवाय, म्हणजे त्याहून कमी. ४५ पुरतात, तेही तीन हप्त्यांत: पहिल्या फेरीत ९० चे १०५, दोन फेऱ्या साध्या, चौथीत १२०, पुन्हा दोन साध्या, सातवीत १३५, मग शेवटपर्यंत तेवढेच. हे जमलं. घातल्यावर काठ डोळ्यांवर येऊन लोंबत होता एवढंच.

"खळ घाल," आई म्हणाली. इथे तिचा अधिकार चालतो, तिचे रुमाल कसे पापडासारखे उभे राहतात ते मी लहानपणापासून बघतोय. दोन चमचे साबुदाणा भरपूर पाण्यात पारदर्शक होईपर्यंत उकळला, गाळला, त्यात काठ बुडवून हलक्या हाताने पिळला आणि टोपी पातेल्यावर उपडी घालून सावलीत वाळवली. संध्याकाळी काठ टकटक वाजत होता. मी खूश. दुसऱ्या दिवशी गच्चीवर कुबड्या घेऊन दहा मिनिटं उन्हात उभा राहिलो. घामाने खळ सुटली आणि काठ कपाळाला चिकटला. टोपी काढताना खिरीचा वास आला. रुमालाला घाम येत नाही, हेही आमच्या दोघांच्या लक्षात आलं नव्हतं.

शेजारचे काका गंगापूर धरणावर गळ टाकून बसतात. त्यांच्याकडून दोन वार जाड तंगूस, म्हणजे गळाची दोरी घेतली, काठाची शेवटची फेरी उसवली आणि टाके घालताना तंगूस आत धरून तिच्यावरून दोरा घेत गेलो. दोन्ही टोकं चार बोटं एकमेकांवर घ्यायची आणि काडीपेटीने जराशी वितळवून गोळी करायची, नाहीतर टोक टोचतं. काठ उभा राहिला. मधे दाबला तर पुन्हा उसळून येतो.

नंतर एकदा टाके मोजले. टाळूचे ७२०, भिंतीचे १२६०, काठाचे १२१५, म्हणजे ३२०० ला पाच कमी. मिनिटाला सहा-सात टाके घातले तरी आठ तास, आणि हे न उसवता. मी नक्की तीनदा तरी विणली असेल. बाजारात अशी टोपी चार-पाचशेला मिळते आणि क्रोशाचं काम अजून हातानेच होतं, तेव्हा तीही कुणीतरी टाका टाका मोजूनच केलेली असणार. आमच्या त्र्यंबकेश्वरला उगम पावणारी गोदावरी पार आंध्रात जिथे समुद्राजवळ पोहोचते, त्या नरसापूर भागात बायका पिढ्यान् पिढ्या घरी बसून क्रोशाची लेस विणतात. त्या कामाला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळालं. एका टोपीमागे त्या बाईच्या हातात किती पडत असतील, हा हिशोब वहीत मांडायला घेतला आणि सोडून दिला. टोपीची किंमत माहीत होती, बाकीचे आकडे नव्हते.

प्लास्टर निघालं. एप्रिलभर टोपी घालून चाललो, मान भाजली नाही. मग ती धुतली आणि शहाण्यासारखी पातेल्यावर घालायची सोडून दोरीवर चिमट्याने टांगली. पाण्याच्या वजनाने बोटभर सैल झाली. सध्या मागच्या बाजूला आतून एक चुणी घेऊन सेफ्टी पिन लावलीय, तीच निळ्या टोकाची. पुढच्या टोपीला टाके नव्वदच ठेवणार, सुई मात्र साडेतीन मिलिमीटरची. दीड गुंडा उरला होता तो शोधला, तर आईने त्याचं मिक्सरचं नवं कव्हर सुरू केलंय.