तुम्ही विचारलंत म्हणून: बार्बारा युंगे कोण?

सगळ्यात आवडता माहितीपटकार कोण, असं विचारलं की मी बार्बारा युंगे यांचं नाव घेते. पुढचा प्रश्न ठरलेला: ‘कोण या?’ माझ्याकडे संकलन शिकायला येणारी मुलंही हेच विचारतात. एकदाचं लिहूनच टाकते.

गोल्त्सो हे ओडर नदीच्या सखल शेतीपट्ट्यातलं पूर्व जर्मन गाव. बर्लिनची भिंत उभी राहिली त्याच महिन्यात, ऑगस्ट १९६१मध्ये, विनफ्रीड युंगे या तरुण दिग्दर्शकाने तिथल्या पहिलीत जाणाऱ्या मुलांवर छोटासा माहितीपट सुरू केला. मग तो पुन्हा पुन्हा जातच राहिला. मुलं मोठी झाली, कामाला लागली, कुणाची लग्नं झाली, कुणाची मोडली. देशसुद्धा नकाशावरून गेला, चित्रीकरण थांबलं नाही. सगळे चित्रपट मिळून चाळीस तासांहून जास्त भरतात.

बार्बारा या विनफ्रीड यांच्या पत्नी, पण मुळात इंग्रजी-रशियनच्या अनुवादक. डेफा या सरकारी स्टुडिओत त्या माहितीपटांच्या परदेशी आवृत्त्या बघायच्या. सत्तरच्या दशकाअखेरीस गोल्त्सोच्या साठलेल्या फिल्मची जुळवाजुळव त्यांच्याकडे आली, ऐंशीच्या दशकात संकलन आणि नव्वदनंतर सहदिग्दर्शन. हा क्रमच मला भावतो. आधी दुसऱ्याचं बोलणं नीट ऐकायचं, मग त्याची नोंद ठेवायची आणि त्यानंतर कात्री हातात घ्यायची. आमच्याकडे थेट कात्रीच.

जर्मनी एक झाली, डेफा संपली. दोघांनी स्वतंत्र निर्मात्याबरोबर काम चालू ठेवलं आणि एकेका माणसावर पूर्ण लांबीचे चित्रपट केले. १९९६च्या चित्रपटाच्या नावाचा अर्थ ‘माझ्या आयुष्याशी तुम्हाला काय करायचंय?’ पुढच्याच वर्षीच्या नावाचा, ‘घ्या, हे माझं आयुष्य!’ दोन्ही चित्रपटांतल्या बायका वेगळ्या, पण संकलनाला बसलं की मला ही दोन्ही वाक्यं एकाच माणसाच्या तोंडून ऐकू येतात. (अजून एका चित्रपटाच्या नावात फिलाडेल्फिया आहे. अमेरिकेतलं नव्हे, ब्रांडेनबुर्गमधलं खेडं!)

मी एकदा एका बाईंच्या दोन तासांच्या मुलाखतीतून त्यांचं रडणं तेवढं ठेवलं होतं. प्रदर्शनानंतर त्या शांतपणे म्हणाल्या, “मी हसलेही होते की.” मला परत त्यांच्या दारात जायचं नव्हतं, म्हणून निभावलं. युंगे पतिपत्नींना मात्र काही वर्षांनी त्याच दारात उभं राहावं लागे.

आपली कहाणी साठा उत्तरांची पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण होते. जर्मन परीकथा संपते ती ‘आणि ते मेले नसतील, तर अजून जगतायत’ या वाक्यावर. युंगेंनी ते वाक्य मधोमध कापलं: पूर्वार्ध २००६च्या चित्रपटाला दिला, उत्तरार्ध त्यानंतरच्या, शेवटच्या चित्रपटाला.