पूल कवा बांधला?

मार्केट यार्डातल्या गुळाच्या एका अडत दुकानात मी २२ वर्षं हिशेब लिहितोय. रात्री जेवणं आटोपली की मराठी विकिपीडियावर रेल्वेचे लेख लिहितो. दोन्हीकडे नियम एकच, पावती नसेल तर नोंद नाही. दुकानात मी हा नियम कधी मोडला नाही. विकिपीडियावर एकदा मोडला. ती नोंद ज्या रविवारी समोर आली, त्या रविवारची ही हकिगत.

श्रावण होता. गुळाचा हंगाम दिवाळीच्या तोंडावर सुरू होतो, त्यामुळे पावसाळ्यात आम्हाला सवड असते. कोल्हापूर–मिरज मार्गाचे लेख नीट करायचे म्हणून आम्ही सातजण एका वाचनालयाच्या वरच्या खोलीत जमलो होतो. मी, गाड्यांच्या सुट्या भागांचं दुकान चालवणारा मिरजेचा मित्र, इचलकरंजीच्या एक निवृत्त शिक्षिका, ज्यांना आम्ही सगळे ताई म्हणतो, आणि तीन कॉलेजची मुलं. सातवे होते आप्पा. तीन मुलांतल्या एकीचे आजोबा. रेल्वेत लाईनीवर आयुष्य गेलेलं, कीमन म्हणून, म्हणजे चालत रूळ तपासणारा कामगार म्हणून, निवृत्त झालेले. नातीनं त्यांना आणलं होतं ते जुन्या फोटोंवरच्या जागा ओळखायला.

सकाळ फार छान गेली. मार्ग तसा छोटा आहे. मिरज, जयसिंगपूर, निमशिरगाव-तमदलगे, हातकणंगले, रुकडी, वळिवडे, गूळ मार्केट, कोल्हापूर. पण एवढ्याशा मार्गातही किती कामं निघतात! वळिवडे की वळीवडे, यावर ताई अर्धा तास अडून बसल्या. शेवटी एका नावानं लेख ठेवला आणि दुसऱ्यावरून पुनर्निर्देशन केलं, म्हणजे वाचणाऱ्यानं कसंही लिहिलं तरी तो योग्य पानावर पोचतो. त्याच वळिवड्याच्या लेखात पोलंडच्या छावणीचा उल्लेखच नव्हता. दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत मुलखातून सुटून आलेले सुमारे ५००० पोलिश लोक १९४३ ते १९४८ या काळात तिथं राहिले. गावाच्या लेखात ते असायलाच हवं. एका मुलानं ते काम घेतलं आणि दुपारपर्यंत संदर्भांसकट चार परिच्छेद लिहून काढले.

मिरजेचा मित्र मार्गाची आकृती करत होता. लेखाच्या कडेला उभ्या रेषेवर स्थानकं आणि पूल दाखवतात ती. हे काम मला स्वतःला सगळ्यात आवडतं. त्यातल्या प्रत्येक चिन्हाला एक सांकेतिक नाव असतं आणि ती नावं जर्मन शब्दांवरून पडलेली आहेत. साध्या स्थानकाला बीएचएफ, म्हणजे बानहोफ. रूळ जिथं संपतात त्या स्थानकाला केबीएचएफ, म्हणजे कोप्फबानहोफ. शब्दशः बघितलं तर ‘डोक्याचं स्टेशन’. आकृतीच्या खालच्या टोकाला कोल्हापूरसाठी त्यानं ते चिन्ह बसवलं आणि मुलांना सांगितलं, ‘बघा, जगातल्या कुठल्याही भाषेतला संपादक हे चिन्ह बघून ओळखेल की इथून पुढं गाडी जात नाही.’ मुलांपैकी एकानं लगेच कोल्हापूर–वैभववाडी मार्ग जोडायचा हट्ट धरला. ज्या मार्गावर अजून रूळ पडलेला नाही, तो आकृतीत काढायचा नाही, असं त्याला समजावलं. कोकणात जाणारी गाडी आम्हालाही हवीच आहे. पण हवी असणं आणि असणं या वेगळ्या गोष्टी आहेत.

आकृतीत मिरज आणि जयसिंगपूरच्या मधे कृष्णेचा पूल आला. रुकडी आणि वळिवड्याच्या मधे पंचगंगेचा. तोवर आप्पा खुर्चीत गप्प बसून पडद्याकडे बघत होते. रुकडीचा पूल आला तसे ते पुढं सरकले. २०१९ च्या महापुरात गाड्या बंद पडल्या तेव्हा घरात बसून त्या पुलाची काळजी कशी केली ते सांगू लागले. मग मीटरगेजच्या आठवणी निघाल्या. १९७१ साली इथं ब्रॉडगेज झालं. त्याआधी मुंबईला जायचं तर पुण्यात गाडी बदलावी लागे. दोन रुळांतलं अंतर पूर्वी १००० मिलिमीटर होतं, नंतर १६७६ झालं. आप्पांनी दोन्ही हात पसरून, मग आवळून, दोन्ही मापं दाखवली. ताईंनी टेबलावर पट्टी धरून बघितली तर लहान माप जेमतेम दोन बोटं चुकलं होतं.

माझ्या मनात गूळच येत होता. आमच्या दुकानातले थोरले मालक सांगायचे, मुंबईचा माल वाटेत रेल्वेच्या एका वाघिणीतून, म्हणजे मालडब्यातून, दुसरीत भरावा लागे आणि पावसात गुळाचा एखादा रवा, म्हणजे ढेप, भिजला की घरी पत्रांची माळ लागे. आप्पा आणि मी या विषयावर बराच वेळ रमलो. यातलं काहीच विकिपीडियात लिहिता येत नाही. कुठं छापून आलेलं नसेल तर आठवण कितीही खरी असली तरी ती तिथं चालत नाही. हा नियम मला पटतो आणि आप्पांसारखा माणूस समोर बसलेला असला की तो पाळणं जड जातं.

मग नातीनं मुख्य लेख उघडला आणि आप्पांना ऐकू जावं म्हणून मोठ्यानं वाचायला लागली. कोल्हापूर संस्थानच्या रेल्वेची पायाभरणी १८८८ साली झाली. पुढच्या परिच्छेदात, १८८८ साली कोल्हापूरला पहिली गाडी आली.

आप्पा म्हणाले, ‘थांब की पोरी. पाया घातला त्याच साली गाडी आली?’

‘असं लिहिलंय आप्पा. खाली पेपरचा संदर्भ पण आहे.’

‘आगं, मधी दोन नद्या हाईत. पूल कवा बांधला मग?’

खोलीत कुणी काहीच बोललं नाही. मी ते वाक्य शंभरदा वाचलं होतं. ज्या माणसानं जन्मभर त्या पुलावरून हातोडी घेऊन चालत रूळ तपासले, त्याला ते एकदा ऐकूनच खटकलं.

मी संदर्भ उघडला. एका वर्तमानपत्राच्या पुरवणीतला लेख होता. दुसरा परिच्छेद वाचताना मला घाम फुटला. ‘दक्षिण महाराष्ट्राच्या पेठांचा दरवाजा त्या वर्षी रुळांनी उघडला.’ हे वाक्य माझं होतं. शब्दन्‌शब्द माझं.

पानाचा इतिहास उघडला. विकिपीडियावर हे एक फार मोलाचं आहे. कोणी, कधी, काय बदललं ते मिनिटासकट राहतं, आपल्यासारख्या संपादकाला पुसता येत नाही. माझी नोंद होती २०१४ मधली, रात्री पावणेबाराची. १८८८ हा आकडा मी लहानपणापासून कानावर पडलेल्या गोष्टीवरून लिहिला होता. आमच्याकडं सगळे सांगायचे, शाहू महाराजांनी १८८८ साली रेल्वे आणली. गोष्ट पायाभरणीची होती, मी ती गाडीला लावली. संदर्भ दिला नाही. नंतर कुणीतरी तिथं ‘संदर्भ हवा’ असा साचा, म्हणजे तयार खूण, लावला. तो तसाच काही वर्षं राहिला. मी तो बघितला होता आणि बघून पुढं गेलो होतो. पुरवणीतला लेख त्यानंतरचा. आणि गेल्या वर्षी एका नव्या संपादकानं तो लेख संदर्भ म्हणून जोडला आणि ‘संदर्भ हवा’ काढून टाकलं. त्या दिवशी मला बरं वाटलं होतं, हेही सांगायला हवं. मी त्या संपादकाला आभाराचा संदेशही पाठवला होता.

तो नवा संपादक म्हणजे आप्पांची नात.

तिच्या ते लगेच लक्षात आलं. चेहरा उतरला. ‘काका, मी चुकीचा संदर्भ लावला का?’

तिला उत्तर द्यायला मला वेळ लागला. मग मी हिशेबाच्या भाषेतच सांगितलं, कारण मला तीच नीट येते. आम्ही आधी कीर्द, म्हणजे रोजच्या व्यवहारांची वही लिहितो, मग कीर्दीवरून खतावणी, म्हणजे खातेवार वही. कीर्दीत आकडा चुकला की खतावणीतही चुकतो. नंतर कुणी खतावणी बघून म्हणालं की कीर्द बरोबर आहे, तर दोन्ही वह्या जुळतात, ताळा बसतो, आणि आकडा चुकीचाच राहतो. तो पकडायचा तर मूळ पावतीकडंच जावं लागतं. ‘तू खतावणी तपासलीस. ती जुळली. कीर्द मी चुकवली होती. चूक माझी आहे, तुझी नाही.’

आप्पांनी तिच्या पाठीवर हात ठेवला, बोलले काही नाहीत.

मग दुपारभर आम्ही पावती शोधली. कोल्हापूरचा जुना इंग्रजी गॅझेटिअर उपयोगाचा नव्हता, तो १८८६ चा, म्हणजे पायाभरणीच्याही आधीचा. ताईंनी रेल्वे खात्यानं ब्रिटिश काळात छापलेली मार्गांची यादी स्कॅन केलेली काढली. तिच्यात एकेका मार्गाची मालकी कोणाची, चालवतं कोण, लांबी किती, खुला कधी झाला, असे रकाने असतात. कोल्हापूर संस्थानचा मार्ग, मीटरगेज, साधारण २९ मैल, चालवणारी कंपनी सदर्न मराठा रेल्वे, खुला झाल्याचं साल १८९१.

पायाभरणीपासून तीन वर्षं. आप्पा म्हणाले, ‘हां, आता जमतंय.’

इथं आमच्यात थोडा वाद झाला आणि तो मला महत्त्वाचा वाटतो. एक मुलगा म्हणाला, सालाचं ठीक, पण ‘शाहू महाराजांनी रेल्वे आणली’ हे वाक्य बदलू नका. कोल्हापुरात असं कुणी म्हटलं की पुढं बोलायला जीभ रेटत नाही. मलाही जड गेलं. पण महाराजांचा जन्म १८७४ चा. पायाभरणी त्यांच्या हस्ते झाली तेव्हा ते तेरा-चौदा वर्षांचे होते. राज्याचे अधिकार त्यांच्या हाती आले २ एप्रिल १८९४ ला, गाडी सुरू झाल्यानंतर. मग लेखात तेवढंच लिहायचं: पायाभरणी त्यांच्या हस्ते, मार्ग संस्थानच्या मालकीचा. पुढं त्यांनी शाहूपुरीची पेठ वसवली, व्यापार वाढवला, त्या रेल्वेचा शहराला खरा उपयोग करून दिला. ते आम्ही वेगळं, संदर्भांसकट लिहिलं. त्या मुलानंच लिहिलं. ज्या माणसानं एवढं केलं, त्याच्या नावावर आपण न तपासलेलं वाक्य टाकू नये, असं मला मनापासून वाटतं.

दुरुस्ती एका पानापुरती नव्हती. विकिडेटावर, म्हणजे सगळ्या भाषांच्या विकिपीडियांना माहिती पुरवणाऱ्या साठ्यात, स्थानकाची जी नोंद आहे, तिथंही १८८८ गेलं होतं. तिथून साल दुसऱ्या भाषांतल्या लेखांच्या कडेला असते त्या माहितीचौकटीत जाऊ शकतं. मिरजेच्या मित्रानं ते धरलं. माहितीचौकटीत आणखी एक सुधारणा झाली. मार्ग मध्य रेल्वेनं बांधला असं कुणी लिहिलं होतं, कारण आज तो मध्य रेल्वेच्या पुणे विभागात आहे. पण सदर्न मराठा कंपनी १९०८ साली मद्रास रेल्वेत मिसळली आणि मद्रास अँड सदर्न मराठा झाली. तिच्यातून १९५१ मध्ये दक्षिण रेल्वे उभी राहिली, १९६६ मध्ये दक्षिण मध्य रेल्वे निघाली. मध्य रेल्वेकडं हा मार्ग आला तो बराच नंतर.

पुरवणीतला लेख लिहिणाऱ्या गृहस्थांना मी फोन केला. ते सरळ म्हणाले, ‘विकिपीडियावरनंच घेतलं होतं. तिथं आहे म्हणजे बरोबरच असणार असं वाटलं.’ त्यांना मी काय बोलणार? माफी मागितली.

प्रत्येक लेखामागं संपादकांच्या बोलण्यासाठी एक चर्चा पान असतं, तिथं मी सगळं लिहिलं. चूक कोणत्या तारखेची, कोणाची, ती कुठं गेली, कशी परत आली, आणि ती पुरवणी या सालासाठी संदर्भ म्हणून का चालणार नाही. सही केली. बारा वर्षांत मी त्या पानांवर बरंच काही लिहिलंय, पण एवढ्या काळजीनं काही लिहिल्याचं आठवत नाही.

लेखातला आकडा मात्र कुणीच बदलला नव्हता. नात म्हणाली, ‘आप्पा, तुम्हीच करा.’ त्यांचं खातं उघडून दिलं. चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला. एका बोटानं, शोधून शोधून, मधल्या आठच्या जागी नऊ, शेवटच्या आठच्या जागी एक. ताईंनी खाली संदर्भ जोडला. जतन करताना सारांशाची चौकट येते, बदल का केला ते लिहायला. आप्पांनी विचारलं, इथं काय लिहू? नात म्हणाली, तुम्ही मघाशी म्हणालात तेच. त्यांनी सावकाश लिहिलं, ‘पूल बांधायला वेळ लागतो.’

गेल्या महिन्यात कुणीतरी तिथं पुन्हा १८८८ केलं, त्याच पुरवणीचा संदर्भ लावून. नातीनं त्यांना चर्चा पानाचा दुवा पाठवला. तासाभरात त्या संपादकानं स्वतःच परत १८९१ केलं.

निमशिरगाव-तमदलग्याच्या लेखाला अजून स्थानकाचा फोटो नाही. येत्या रविवारी आप्पा आणि मी सकाळच्या पॅसेंजरनं जाऊन काढणार आहोत. रुकडीच्या पुलावर गाडी आली की त्यांना खिडकीशी बसायचंय, म्हणून लवकर जायचं ठरलंय.