तक्ता क्रमांक ३४

आजचा सुट्टीचा सबंध दिवस ज्युडिथ राइसमन यांच्याविषयी वाचण्यात गेला. एकेकाळी लहान मुलांच्या दूरदर्शन कार्यक्रमासाठी गाणी रचणाऱ्या या अमेरिकन बाईंनी १९९० साली एडवर्ड आयकेल यांच्यासह पुस्तक लिहिले आणि २०२१ मध्ये निधन होईपर्यंत आल्फ्रेड किन्सी यांचे लैंगिकताविषयक संशोधन खोटे ठरवण्यासाठी जिवाचे रान केले.

किन्सी मूळचे प्राणिशास्त्रज्ञ, कीटकांचे अभ्यासक. त्यांच्या १९४८ च्या ग्रंथातील लहान मुलांच्या लैंगिक प्रतिसादांची नोंद करणारा तक्ता क्रमांक ३४ पाहताना मात्र हातातला चहा तसाच निवला, कारण वयाच्या रकान्यात चक्क महिने नोंदलेले आहेत. मुलांवरील अत्याचाराच्या या नोंदी एकाच माणसाकडून आल्याचे किन्सी संस्थेचे संचालक जॉन बॅनक्रॉफ्ट यांनी पुढे सांगितले, म्हणजे राइसमन यांनी बोट ठेवलेली जागा खरोखरच दुखरी होती.

पण बाई तिथे थांबल्या नाहीत. समाजात जे जे बिघडले ते किन्सींच्या माथी मारणे, समलैंगिक माणसे मुलांना जाळ्यात ओढतात असे म्हणणे, अश्लील चित्रांमुळे मेंदूत विषद्रव्ये तयार होतात असे २००४ मध्ये थेट सिनेटच्या समितीपुढे मांडणे (पुराव्याच्या नावाने आनंदच!), हे सारे वाचताना सकाळी वाटलेला आदर संध्याकाळपर्यंत बराच ओसरला. किन्सी संस्थेविरुद्धचा त्यांचा दावाही न्यायालयात टिकला नाही. तक्त्यातली ती मुले मात्र दोन्ही बाजूंच्या लेखनात निनावीच राहिली.