आंबेनळी घाट, खालून वर

आज पोलादपूरहून महाबळेश्वरला चढलो, पण पॉइंट बघायला नव्हे. रस्त्यासाठी कापलेला डोंगर बघायला. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे लोट एकावर एक पसरत गेले. त्यांचे जवळजवळ आडवे थर इथे उघडे पडलेत.

सगळ्यात जास्त रेंगाळलो ते लाल पट्ट्यापाशी. खाली काळा बेसाल्ट (लाव्हा थिजून झालेला दगड), वर काळा बेसाल्ट आणि मध्ये नखाने खरवडावी अशी विटकरी माती. एक लोट थंड झाला, त्याचा माथा ऊनपावसात झिजून मऊ पडला, मग पुढच्या लोटाने तो झाकला. दोन उद्रेकांमधली मधली सुट्टीच ही! ज्वालामुखी म्हटलं की आपण फक्त आगीचा विचार करतो, या उसंतीचा कुणी करत नाही.

वायूच्या बुडबुड्यांनी सोडलेल्या पोकळ्यांत झिओलाइट नावाची पांढरी खनिजं भरलीत. हातोडी पिशवीतच ठेवली. (कड्याखाली ठोकाठोक करणाऱ्यांना माझा कोपरापासून नमस्कार.)

माथ्यावर जांभा. मूळचा बेसाल्टच, पण पावसाने त्यातली सिलिका धुऊन नेली आणि लोह, ॲल्युमिनियम मागे राहिलं. एवढं सांगितलं तरी सोबतचे मित्र म्हणे, ‘दगड तो दगड!’

फोटो जोडलेत. लाल पट्टा तिसऱ्या फोटोत नीट दिसतोय.