मृत्यूची वेळ काढताना: देह तपासण्याचा माझा क्रम

मृतदेहावरून मृत्यूची वेळ काढायची असेल तर हात लावायची घाई करायची नाही. कित्येक खुणा हाताळल्या की बिघडतात. पूर्ण ताठलेला कोपर जोर लावून सरळ केला की तो पुन्हा ताठत नाही, आणि पुढे तपासणारा त्यावरून चुकीचा अंदाज बांधतो. म्हणून मी आधी डोळे वापरतो, मग थर्मामीटर, मग बोटे आणि शेवटी सुई.

पाहताना पहिली नजर डागांकडे. हृदय थांबले की रक्त वजनाने खालच्या भागात उतरते. अर्ध्या ते दोन तासांत जांभळट ठिपके दिसू लागतात, सहा ते बारा तासांत ते एकमेकांत मिसळून सलग पट्टा होतो. देह उताणा असेल तर खांदे आणि नितंब जिथे जमिनीला टेकतात तिथली त्वचा फिकट राहते, कारण तिथल्या केशवाहिन्या दबलेल्या असतात. डागावर अंगठा दाबून पाहतो. दाबलेली जागा पांढरी पडली तर डाग अजून पक्का झालेला नाही. साधारण आठ ते बारा तासांनंतर तो पक्का होतो. पाठीवर पक्के डाग आणि देह मात्र पालथा, असे दिसले तर मृत्यूनंतर काही तासांनी कोणीतरी तो उलटवला आहे. डाग चेरीसारखे लाल असतील तर कार्बन मोनॉक्साइडची शंका घ्यावी. पण शीतगृहात ठेवलेल्या देहावरही गुलाबी छटा येते, आणि नवखे तिथे हमखास फसतात. खूप रक्त गेलेले असेल तर डाग जेमतेम दिसतात.

तापमानासाठी घरातला थर्मामीटर कामाचा नाही. तो ३५ अंश सेल्सिअसच्या खाली वाचतच नाही. लांब दांडीचा, शून्यापासून मोजणारा लागतो. तो गुदद्वारातून सुमारे १० सेंटिमीटर आत जावा. लैंगिक अत्याचाराची शक्यता असेल तर आधी स्वॅब घ्यायचे, थर्मामीटर नंतर. आकडा स्थिर झाला की घड्याळातली वेळ आणि देहाजवळच्या हवेचे तापमान त्याच ओळीत लिहायचे. ‘तासाला दीड अंश फॅरनहाइट’ हा हिशेब तोंडपाठ असतो, पण मला त्यावर विसंबायला आवडत नाही. सुरुवातीचा काही काळ आतले तापमान जवळजवळ उतरतच नाही, पुढे वेगाने उतरते आणि शेवटी रेंगाळते. वजन, कपडे, ओलेपणा, वारा यांनी वेग बदलतो. न्यायवैद्यक तज्ज्ञ हेन्सगे यांचा आलेख वजन व कपडे धरून उत्तर देतो, तरी चांगल्यात चांगल्या परिस्थितीत त्यातही दोन्ही बाजूंना सुमारे २.८ तासांची चूक धरावी लागते. बाहेरच ३७ अंश असेल तर ही पद्धत सोडूनच द्यावी.

मग ताठरपणा. स्नायू सैल व्हायलाही एटीपी, म्हणजे पेशींना ऊर्जा पुरवणारे रसायन, लागते. ते संपले की स्नायूतले तंतू एकमेकांत अडकून बसतात. बदल सगळ्या स्नायूंत एकाच वेळी चालू असतो, पण लहान स्नायूंत लवकर जाणवतो. म्हणून पापण्या, जबडा, मान, मग कोपर, बोटे, गुडघे असे हलक्या हाताने तपासत जायचे. दोन ते चार तासांत जबड्यापासून सुरुवात, बाराव्या तासाच्या आसपास सगळे अंग ताठ, आणि मग त्याच क्रमाने सैल. उष्णतेत हे सगळे लवकर उरकते, थंडीत लांबते. मरणापूर्वी झटके, धावपळ किंवा जोराचा ताप असेल तर ताठरपणा लवकर येऊन लवकर जातो.

सुई सगळ्यात शेवटी, डोळ्याच्या बाहेरच्या कोपऱ्यातून. नेत्रगोलातल्या द्रवातले पोटॅशियम मृत्यूनंतर हळूहळू वाढते, म्हणून ते मोजतात. द्रव अगदी सावकाश ओढायचा. जोरात ओढला तर पडद्याचे कण येतात आणि पोटॅशियमचा आकडा खोटा चढतो.

कुजणे सुरू झाले की तासांची भाषा संपते. पहिला हिरवा डाग पोटाच्या उजव्या खालच्या बाजूला येतो, कारण मोठ्या आतड्याची जंतूंनी भरलेली सुरुवात तिथे पोटाच्या भिंतीला लागून असते. जंतूंचा हायड्रोजन सल्फाइड रक्तातल्या हिमोग्लोबिनशी मिळून हा रंग देतो. मग शिरांच्या वाटेने हिरवट-काळी जाळी पसरते, वायूने चेहरा, पोट, वृषण फुगतात, जीभ बाहेर येते. नाकातोंडातून येणारा लालसर द्रव पाहून मारहाण झाली असे ठरवू नये. आतल्या वायूच्या दाबाने तो बाहेर पडतो. हाताची कातडी मोज्यासारखी निघून आली तर फेकायची नाही, तिच्यावरून बोटांचे ठसे मिळतात. रक्तात मद्य सापडले तरी थांबावे: जंतू स्वतः अल्कोहोल तयार करतात. नमुना मांडीच्या शिरेतून, जंतूंना रोखणाऱ्या सोडियम फ्लोराइडच्या बाटलीत घ्यावा. नखे वाढतात ही समजूतही चुकीची. त्वचा आक्रसते, म्हणून नख लांब भासते.

त्यापुढे भरवसा माश्यांच्या अळ्यांवर: त्यांच्या वयावरून मृत्यूला किती दिवस झाले याचा अंदाज येतो, आणि त्यांच्या वाढीचा वेग तापमानावर ठरतो. सर्वांत मोठ्या अळ्या निवडायच्या, पण देहावरच शोधून थांबायचे नाही. पोट भरलेल्या अळ्या कोष करायला दूर सरकतात. आसपासची माती आणि गालिचाखालची जागा उकरून पाहायची. काही अळ्या जिवंत वाढवायला ठेवायच्या, म्हणजे माशी कोणती ते पक्के कळते. बाकीच्या उकळत्या पाण्याच्या जवळपास गरम पाण्यात अर्धा मिनिट बुडवून मग ८० टक्के अल्कोहोलमध्ये. थेट अल्कोहोलमध्ये टाकल्या तर त्या आक्रसतात, काळ्या पडतात, आणि लांबीवरून वय चुकते. अळ्यांचा मोठा गोळा स्वतःच तापतो, म्हणून त्याच्या आतले तापमान वेगळे नोंदवायचे. घटनास्थळी तापमान नोंदवणारे यंत्र पुढचे काही दिवस तसेच चालू ठेवायचे. जवळच्या हवामान केंद्राच्या त्याच दिवसांच्या आकड्यांशी त्याची तुलना केली की मागच्या दिवसांचे आकडे त्या जागेपुरते दुरुस्त करता येतात.