स्लॅबच्या रात्रीची हजेरी

सांगलीत विश्रामबागच्या एका इमारतीचा स्लॅब ओतून झाला आणि त्यानंतर सेंट्रिंगच्या, म्हणजे स्लॅबखाली साचा-टेकू बांधणाऱ्या गड्यांचा पगार थटला. ठेकेदार म्हणायचा, बिल्डरनं बिल काढलं नाही. बिल्डर म्हणायचा, आम्ही पैसे दिलेत, ठेकेदाराला विचारा. मी सांगलीत बांधकाम कामगारांच्या संघटनेचं काम करतो. गडी माझ्याकडे आले ते काम बंद पाडायच्या तयारीनंच. मला ते पटलं नाही. निम्मी माणसं विजापूर भागातली. काम थांबलं असतं तर ती गावी पांगली असती, मग भांडायला मागं कोण राहणार? म्हणून काम चालू ठेवून आम्ही सहायक कामगार आयुक्तांकडे अर्ज दिला.

अर्जात ठेकेदाराबरोबर बिल्डरचंही नाव घातलं. तेव्हाच्या १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्याचं कलम २१ सांगायचं की ठेकेदारानं मजुरी थकवली तर ती मुख्य मालकानं द्यायची आणि नंतर ठेकेदाराकडून वसूल करायची. नोटीस गेल्यावर बिल्डरचा माणूस तारखेला हजर राहू लागला.

सुरुवातीच्या तारखा तू-तू मैं-मैंत गेल्या. प्रकरण सुटलं ते हजेरीवर. मुकादमाची वही सिमेंटच्या पाण्यानं कडक झालेली. पूर्ण दिवसाला उभी रेघ, अर्ध्याला आडवी. ठेकेदाराच्या मस्टरवर स्लॅबच्या दिवशी एकच हजेरी होती. गडी म्हणत होते दोन, कारण ओतकाम रात्री उशिरापर्यंत चाललं होतं. वॉचमनच्या खोलीत रेडिमिक्सच्या, म्हणजे तयार काँक्रीटच्या गाड्यांची चलनं खिळ्याला टोचून ठेवलेली सापडली. प्रत्येकावर गाडी आल्याची वेळ, शेवटची रात्री साडेदहाच्या पुढची. आयुक्त साहेबांनी वही आणि चलन शेजारी ठेवलं आणि ठेकेदाराला एवढंच विचारलं, "मग ही गाडी रिकामी कोणी केली?" त्यावर त्याच्याकडे उत्तर नव्हतं. दोन हजेऱ्या मान्य झाल्या. खर्चीचा, म्हणजे मधेमधे दिलेल्या उचलीचा घोळ त्यामानानं लवकर मिटला. फोनपेचे मेसेज तारखेनुसार लावले, तेव्हा एकच खर्ची दोनदा कापल्याचं दिसलं.

मग ठेकेदार म्हणाला, अर्ज मागं घ्या, साइटवरच रोख देऊन मिटवू. काही गडी तयारही झाले. घरी पैसा हवा होता, त्यांना दोष कसा देणार? पण मी हटलो नाही. तेव्हाच्या १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याखाली साहेबांसारख्या समेट अधिकाऱ्यासमोर झालेला करार सही न करणाऱ्या कामगारालाही लागू व्हायचा. त्यामुळे कंटाळून गावी गेलेल्यांचा पैसाही त्यात धरता आला. वर रक्कम बुडवली, तर जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करता यायची. तोंडी शब्दावर दिलेल्या रोखीला यातला कसलाच आधार नसतो. २१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या श्रम संहिता लागू झाल्यात, कलमांचे आकडे बदललेत. पण तडजोड करायची ती अधिकाऱ्यासमोर आणि लेखीच, असं मी अजूनही प्रत्येकाला सांगतो.

करारात ठरलं की बिल्डर दोन हप्त्यांत थेट गड्यांच्या खात्यावर पैसे भरेल आणि ठेकेदाराच्या बिलातून कापून घेईल. आणखी एक कलम आम्ही हट्टानं घालून घेतलं. बांधकाम कामगारांच्या कल्याणकारी मंडळात नोंदणी करायची तर मागच्या वर्षात ९० दिवस काम केल्याचा दाखला लागतो, आणि तो द्यायला ठेकेदार टाळाटाळ करतात. इथं प्रत्येक पात्र गड्याला तो सही-शिक्क्यासह द्यायचं लेखी ठरलं. दुसरा हप्ता जमा झाला त्याच आठवड्यात आम्ही नोंदणीचे अर्ज भरायला बसलो.